विहीणबाईंच्या गाडीचा डावा कोपरा

विहीणबाईंची गाडी तिसऱ्यांदा गॅरेजच्या दारात येऊन उभी राहिली, आणि बुवांचं गुणगुणणं अर्ध्या ओळीतच थांबलं.

गाडी उभी होती तीच मुळी अशी, की कुणा वडीलधाऱ्याच्या पाया पडायला वाकली आणि अर्ध्यात कंबर धरून तशीच राहिली. पुढचा डावा कोपरा चांगला तीन बोटं खाली. बाकीचे तीन कोपरे आपले नाकासमोर ताठ.

बुवा हे काही कुठल्या मठातले बुवा नव्हेत. चाळीस वर्षं गाड्या दुरुस्त करण्यात गेलेली. पण काम करताना तोंडात सतत देवाचं काहीतरी सुरात चालू असायचं, आणि दुरुस्त गाडी ताब्यात देताना गिऱ्हाइकाला उभं करून चार शब्द सांगितल्याशिवाय त्यांना चैन पडायचं नाही. तेल वेळेवर बदला, क्लचवर पाय ठेवून बसू नका, मनात राग धरून घाट चढू नका, असलं काहीतरी. ऐकणाऱ्यालाही बरं वाटायचं. त्यावरूनच लोक त्यांना बुवा म्हणायला लागले ते लागलेच.

विहीणबाई म्हणजे बुवांच्या एकुलत्या एक लेकीची सासू. बाईंचा केकचा धंदा. तीन मजली, चार मजली, सांगाल तेवढे मजले. वरच्या डोंगरातल्या गावांतून त्यांना मागणी फार, आणि तिकडचा रस्ता म्हणजे अर्धा खडीचा, अर्धा खड्ड्यांचा. म्हणून त्यांनी चारही चाकांना इंजिनाची ताकद पोचवणारी ही उंच, ऐसपैस गाडी घेतली होती. या गाडीला स्प्रिंगच्या जागी हवेच्या पिशव्या. प्रत्येक चाकापाशी एक अंगठ्याएवढा सेन्सर, त्याला एक छोटी दांडी. चाकाच्या मानाने बॉडी किती वर आहे हे तो सेन्सर गाडीच्या कॉम्प्युटरला सांगतो, आणि कॉम्प्युटर त्या कोपऱ्यात हवा भरतो नाहीतर सोडतो. मागे मैद्याची पोती टाका, पुढे जाडजूड माणूस बसवा, गाडीचे चारही कोपरे आपल्या ठरल्या उंचीवर. केकवाल्या बाईला याहून देवानं दुसरं काय द्यावं?

"नमस्कार व्याही," विहीणबाई खाली उतरत म्हणाल्या. "मी काही बोलणार नाही."

आणि मग बोलल्या. "परवा साखरेची होडी केली होती, शिडासकट. दोन दिवस खपत होते. घाटाच्या तिसऱ्या वळणावर दिवा लागला, बॉडी पोझिशन का काय त्याचा, आणि गाडी अशी फस्सकन बसली डावीकडे. होडी बुडाली हो व्याही, क्रीममध्ये बुडाली! आणि आज चारला वरच्या शाळेत केक पोचवायचाय. शाळेला पन्नास वर्षं झाली. पाच मजली आहे. हेडबाईंनी स्वतः येऊन सांगितलंय."

"चारच्या आत देतो, विहीणबाई."

"दोनपर्यंत झाली तर झाली. नाहीतर आज भाड्याची गाडी बघेन, आणि ही उद्यापासून शहरातल्या मोठ्या शोरूमला नेईन म्हणते. राग नाही हं. तुम्हाला तरी किती त्रास द्यायचा?"

"राग नाही हं" एवढं बोलून माणसानं माणसाला किती लागेल असं बोलावं! बुवांना वाटलं, यापेक्षा बाईंनी चांगलं झापलं असतं तर बरं. लेकीच्या सासरची गाडी दुसऱ्याच्या दारात उभी राहणार. सगळं गाव बघणार. आणि लेक काय सांगणार चारचौघांत, की आमच्या बापाला जमलं नाही?

लेक स्कूटर घेऊन मागोमाग आलीच होती. तिनं हेल्मेटच्या आतून बापाकडे बघून डोळे मोठे केले, सासूला मागे बसवलं आणि निघून गेली.

गॅरेजच्या आतून बुवांची बायको चष्मा पुसत बाहेर आली. गाड्यांचा कॉम्प्युटर वाचायचं यंत्र तिच्या ताब्यात. डोळ्यांवर चष्मा चढला की आकडा तिच्या नजरेतून सुटायचा नाही.

"बदला की आता तिसरा सेन्सर," ती म्हणाली. "मग चौथा. माळ करून घालू गाडीच्या गळ्यात."

बुवांच्या ते वर्मी लागलं. पहिल्या वेळी सेन्सर खरोखरच गेला होता. आत पाणी शिरून गंजला होता, तो बदलला. दुसऱ्या वेळी गाडी कललेली दिसली, आणि घाई होती, आणि नवा सुटा भागही कधीकधी खोटा निघतो म्हणून त्यांनी न बघता न तपासता पुन्हा नवा घातला, चारही कोपरे मापून सारखे केले आणि गाडी देऊन टाकली. त्याला काही निदान म्हणत नाहीत. दुखतंय म्हटलं की औषध बदलून देणाऱ्या डॉक्टरात आणि आपल्यात फरक काय राहिला?

"आज काही बदलायचं नाही," ते म्हणाले. "आज आधी विचारायचं. गाडीला विचारायचं, बाई तुला होतंय काय. जोड ते यंत्र."

यंत्र जोडलं. पडद्यावर अक्षरं आली. बायकोनं वाचून दाखवलं, "पुढचा डावा सेन्सर. आकडा मर्यादेबाहेर. घाटात पाच वेळा, गावात एकदा."

"आणि आत्ता?"

"आत्ता मर्यादेत. पण अगदी उंबऱ्यावर उभा आहे. जरा ढकलला की बाहेर."

बुवांनी 'हं' केलं. त्या 'हं'मध्ये सकाळपासून पहिल्यांदा थोडा सूर होता.

गाडी लिफ्टवर चढवली. आधी वायर बघितली, बोटांनी सगळी चाचपली, प्लग ओढून आत गंज आहे का पाहिला, मीटर लावून वीज पुरेशी येते का पाहिली. वायर हलवली, वळवली, तिला गुदगुल्या केल्या. बायको पडद्याकडे बघत होती.

"हलला का आकडा?"

"तुमचं पोट हललं, आकडा नाही."

वायर साफ सुटली. मग बुवांनी सेन्सरची दांडी खालून सोडवली. आता सेन्सरची दांडी मोकळी, हातानं वरखाली करता येण्यासारखी. सेन्सर खरा की खोटा हे ओळखायची बुवांची रीत जुनी होती. दांडी एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत अगदी सावकाश फिरवायची, आणि पडद्यापाशी बसलेल्या माणसानं आकडे मोठ्यांदा म्हणायचे. चांगला सेन्सर पायऱ्यापायऱ्यांनी चढतो. खराब झालेला मध्येच अडखळतो, उडी मारतो, नाहीतर गप्प बसतो.

"म्हण गं."

"चाळीस," बायको म्हणाली. "पंचेचाळीस. पन्नास. पंचावन्न…"

पहिले चारपाच आकडे तिनं नुसतेच म्हटले. पुढे तिला कंटाळा आला असावा, नाहीतर सवय. आकड्यांना चाल लागली. रोज सकाळी दोघं देवासमोर बसून जी प्रार्थना म्हणत, तिचीच चाल. बुवा लिफ्टखाली मान वर करून दांडी सरकवत होते, आणि ती म्हणत होती, "साठ, पासष्ट, सत्तर," आणि सत्तरवर सूर वर नेऊन "पंच्याहत्तर" म्हणताना खाली आणत होती. बुवांनीही खालून नकळत मागे म्हणायला सुरुवात केली. समोरच्या पंक्चरवाल्यानं टायर ठेवून या दोघांकडे बघितलं आणि हात जोडले. त्याला वाटलं, गाडीसाठी काहीतरी करतायत.

दोनशे दहापर्यंत गेले आणि परत चाळीसपर्यंत आले. कुठे अडखळ नाही, कुठे उडी नाही.

"सेन्सर सोन्यासारखा आहे," बुवा म्हणाले.

"म्हणजे मागचाही सोन्यासारखाच असणार," बायको म्हणाली. "तो आपण कचऱ्यात टाकला."

"तुला प्रत्येक वेळी आठवण करून द्यायलाच हवी का?"

"मी नाही तर कोण देणार? विहीणबाई?"

आता उरलं एकच. सेन्सर खरं सांगतोय, तर कोपरा खरोखरच चुकीच्या जागी आहे. बुवांनी दांडी पुन्हा जोडली, गाडी खाली उतरवली, इंजिन चालू करून चारही पिशव्यांना हवा घेऊ दिली, आणि टेप काढून चाकाच्या मधल्या बिंदूपासून वर मडगार्डच्या कडेपर्यंत चारही ठिकाणी माप घेतलं. तीन कोपरे एकमेकांशी जुळले. पुढचा डावा बत्तीस मिलिमीटर कमी.

म्हणजे कॉम्प्युटर बिचारा सांगितलेलं ऐकत होता. कोणीतरी त्याला सांगितलं होतं, बाबा, हा कोपरा इथेच ठेव. आणि इतकं खाली सांगितलं होतं, की घाटात खड्डा आला की सेन्सरची दांडी आपल्या टोकाबाहेर जायची. मग दिवा लागायचा आणि गाडी घाबरून बसायची.

बुवा चाकामागे डोकं घालून बॅटरीच्या उजेडात बघायला लागले. दांडीचं वरचं टोक एका लांबट खाचेत बसतं आणि छोट्या नटानं आवळलेलं असतं. नट ढिला करून टोक खाचेत सरकवलं की त्या कोपऱ्याची उंची बदलते. दुसऱ्या वेळी बुवांनी स्वतःच हा नट आवळून त्यावर पिवळ्या रंगाचा ठिपका दिला होता. अर्धा नटावर, अर्धा पत्र्यावर. त्यांची ती नेहमीची खूण.

ठिपक्याचे दोन तुकडे झाले होते. नटावरचा अर्धा एकीकडे, पत्र्यावरचा दुसरीकडे.

"अगं," बुवा आतूनच म्हणाले, "याला कोणाचा तरी हात लागलाय."

"कुणाचा?"

बुवांना आधी शोरूमवाल्यांची शंका आली. मग वाटेतल्या कुणा अर्धवट मेकॅनिकची. दोघांच्याही नावानं त्यांनी तोंडातल्या तोंडात काहीबाही म्हटलं आणि लगेच देवाची क्षमाही मागितली. मग बॅटरी जरा तिरपी केली. खाचेच्या कडेला पत्र्यावर लाल पेन्सिलीची बारीक रेघ होती. तिच्याखाली आणखी एक. त्याखाली तिसरी. प्रत्येक रेघेपाशी नीट, कोरीव इंग्रजी आकडा. तीन. पाच. सात. सातच्या मधोमध एक आडवी दांडी.

बायकोनं मान आत घालून बघितलं. दोघांनी एकमेकांकडे पाहिलं.

अशी लाल पेन्सिल कानामागे खोचून फिरणारा, आणि सातच्या पोटात दांडी मारणारा माणूस त्यांच्या ओळखीत एकच होता. लेकीचे सासरे. विहीणबाईंचे यजमान. आयुष्यभर गवंडीकाम केलेला सज्जन, मितभाषी, कुणाला कधी दुखावलं नाही असा देवमाणूस.

"व्याही?" बायको कुजबुजली.

"हळू बोल."

"इथे कोण ऐकतंय? सांगून टाका ना सरळ. तुमचा हात लागला म्हणून बिघडलं, आमचा दोष नाही."

"लेकीच्या सासऱ्याला सांगू? त्यांच्या बायकोदेखत? की तुम्ही बायकोची होडी बुडवलीत म्हणून?"

बायकोनं थोडा विचार केला. "नको," ती म्हणाली. "महिनाभर त्यांना जेवण गोड लागणार नाही."

"आणि ते काही उगाच हात लावणारे नाहीत. तीनदा खूण करून, मापून, सरकवलंय त्यांनी. काहीतरी दिसलं असणार त्यांना. ते काय, हे कळल्याशिवाय मी कितीही सरळ केलं तरी परत इथेच येणार." बुवा उठले. गुडघे कुरकुरले. "गाडी मीच नेऊन देतो. तू पण चल. यंत्र घे."

त्यांनी टोक जागेवर आणलं, नट आवळला, माप घेतलं. चारही कोपरे मिलिमीटरला मिलिमीटर. नवा ठिपका दिला. लाल रेघा मात्र पुसल्या नाहीत. दुसऱ्या कारागिराची खूण पुसायला त्यांचा हात धजला नाही.

पावणेदोनला गाडी विहीणबाईंच्या अंगणात शिरली. गल्लीपर्यंत अशी डौलात आली होती, की बुवांची गुणगुण पुन्हा सुरू झाली होती. फाटकातून आत घेऊन, भिंतीपाशी नेहमीच्या जागी लावून ते खाली उतरले, चार पावलं मागे गेले, वळून पाहिलं, आणि गुणगुण पुन्हा थांबली.

गाडी वाकडी उभी होती. या वेळी भलत्याच बाजूला कललेली. पुढचा डावा कोपरा वर, मागचा उजवा खाली.

"या या व्याही!" व्याही पायरीवरून उतरले. कानामागे लाल पेन्सिल. उजवा हात खिशात. "झाली का?" त्यांनी गाडीकडे बघितलं, मग पटकन दुसरीकडे, आभाळाकडे. "छान झालीय हो. अगदी छान."

बुवांनी असं 'छान' फक्त आजाऱ्याच्या बिछान्यापाशी ऐकलं होतं.

"अगं, मघाशी गॅरेजात चारही कोपरे सारखे होते," त्यांनी बायकोला हळूच सांगितलं. आतून ओव्हनचा ऊबदार वास येत होता, विहीणबाई कुणाला तरी "डबा इकडे, तो नाही, तो मोठा" म्हणत होत्या, घड्याळाचे काटे पुढे सरकत होते.

तेवढ्यात लेक केकची भांडी धुऊन बादली घेऊन दारात आली आणि तिनं पाणी अंगणात ओतलं. बुवा पाण्याकडे बघत उभे राहिले. करण्यासारखं दुसरं काही सुचतच नव्हतं म्हणून. पाणी फरशीवर पसरलं, क्षणभर थांबलं, मग एक बारीक ओघळ झाला, गाडीच्या पुढच्या डाव्या चाकाला वळसा घालून पोटाखालून तिरपा गेला आणि मागच्या उजव्या चाकापलीकडे कोपऱ्यातल्या गटाराच्या जाळीत गडप झाला. अंगणात थेंब उरला नाही.

"व्याही," बुवा सावकाश म्हणाले, "ही फरशी कुणी घातली हो?"

व्याह्यांचा चेहरा उजळला. बोलायला बरा विषय मिळाला होता. "मीच की! साठ फुटांना एक फूट ढाळ दिलाय. दारापासून थेट जाळीपर्यंत. पंधरा वर्षांत पाणी साचलं नाही. तुम्ही कितीही ओता."

"आणि तुमच्याजवळ ती बुडबुड्याची पाणसळ असेल ना, भिंत सरळ आहे का बघायची? जरा मिळेल?"

व्याह्यांचा हात खिशातून इतक्या पटकन बाहेर आला, की त्यांनाच ओशाळल्यासारखं झालं. हातात पाणसळ होती. पितळी कडांची, हाताळून गुळगुळीत झालेली.

"असंच… होती आपली खिशात," ते म्हणाले.

"घरातल्या घरात?" दारातून आवाज आला. विहीणबाई कोपरापर्यंत साखर लागलेल्या हातांनी उभ्या होत्या. "मघापासून शोधत होते मी ती. मजले सरळ लागलेत का बघायला. तुमच्या खिशात काय करतेय?"

व्याह्यांनी एकदा बायकोकडे बघितलं, एकदा बुवांकडे, एकदा जाळीकडे. जाळीतून निसटता आलं असतं तर निसटले असते.

"आता काय लपवायचं," ते अखेर म्हणाले. "गाडी पहिल्यांदा दुरुस्त होऊन आली, तेव्हा सहज म्हणून मागे गाडीतल्या केकच्या फळीवर पाणसळ ठेवली. बुडबुडा एका बाजूला. म्हटलं, व्याह्यांची नजर आता पहिल्यासारखी राहिली नसेल. वय झालं. पण हे त्यांना तोंडावर कसं सांगायचं? इतक्या आपुलकीनं करून देतात. म्हणून मीच खाली वाकून तो नट जरा… एवढासाच. बुडबुडा मधे आला. मग गाडी परत तुमच्याकडे गेली, तुम्ही परत केलीत, परत इथे वाकडी. मी परत जरा…"

"तीन, पाच, सात," बुवा म्हणाले.

"तुम्ही पाहिलंत?"

"सकाळीच पाहिलं. पण म्हटलं, तुम्हाला कशाला ओशाळं करा. मुकाट्यानं सरळ करून देऊ."

विहीणबाईंनी साखरेचे दोन्ही हात कमरेवर ठेवले.

"म्हणजे," त्या म्हणाल्या, "एकजण महिनाभर गुपचूप, आणि दुसरा सकाळपासून गुपचूप. दोघं एकमेकांचा मान राखत बसलात, आणि होडी कुणाची बुडाली? माझी!"

बुवांच्या बायकोला हसू आवरेना. तिनं पदर तोंडाला लावला, पण खांदे हलायचे ते हललेच. ते बघून लेक हसली, मग विहीणबाईच हसायला लागल्या. व्याही मात्र गंभीर होते. त्यांची एक शंका राहिली होती, आणि शंका मनात ठेवून हसणारा तो माणूस नव्हता.

"पण व्याही," ते म्हणाले, "बॉडी सरळ ठेवायलाच सेन्सर आहेत ना? मग ढाळावर उभी केली तर त्यांनी सरळ करायला नको? नाहीतर ते कशाला?"

प्रश्न इतका रास्त होता, की बुवांना त्यांच्याविषयी आदरच वाटला. चाळीस वर्षं ज्यानं पाणसळीशिवाय दुसरं काही सरळ मानलं नाही, त्यानं यापेक्षा वेगळं काय समजावं? त्यांनी पायरीवरचं लाकडी स्टूल उचललं आणि गाडीशेजारी ढाळावर ठेवलं.

"ठेवा वर तुमची पाणसळ."

व्याह्यांनी ठेवली. बुडबुडा एका टोकाला पळाला.

"स्टुलाचे पाय सारखे आहेत?"

"मीच कापलेत. सारखेच असणार."

"मग आता बुडबुडा मधे यावा म्हणून एक पाय कापाल का?"

"भलतंच! आत नेलं की डुगडुगेल."

"तेच झालं गाडीचं. सेन्सरला ना आभाळ दिसतं ना क्षितिज. त्याला एवढंच कळतं, की चाक इथे आहे आणि बॉडी त्याच्या किती वर. चारही पाय सारखे ठेवणं एवढीच त्याची नोकरी. खालची जमीन कशी आहे, ते त्याला कुणी विचारलेलं नाही."

व्याही स्टुलाकडे बघत राहिले. मग गाडीकडे. मग एकदम म्हणाले, "म्हणजे मी गाडीचा पाय कापत होतो."

"थोडासाच," बुवा म्हणाले. "फार सुबक कापलात."

"ते सगळं राहू द्या," विहीणबाई म्हणाल्या. हसून झालं होतं आणि डोळे पुन्हा घड्याळाकडे गेले होते. "गाडी ठीक आहे म्हणता. पण केक चढवायचा कसा? पाच मजले आहेत. फळी अशी तिरकी असताना आत सरकवला तर तो सरळ जाळीकडे जाईल, पाण्यासारखा."

बुवांनी तोंड उघडलं, पण त्यांच्याआधी व्याही निघालेसुद्धा. मागच्या छपरीत गेले, लाकडाच्या ढिगातून काही न मापता दोन फळ्या उचलल्या, एक जाड, एक पातळ, वर एक लाकडाचा तुकडा घेतला, आणि सगळं फरशीवर आणून ठेवलं. "मागचं उजवं चाक जाड फळीवर घ्या," ते म्हणाले. "पुढचं उजवं पातळ फळीवर. मागच्या डाव्याखाली हा तुकडा." बुवा गाडीत बसले, व्याह्यांनी हातानं खुणा केल्या, "या, या, या, बास!" गाडी फळ्यांवर चढली. पिशव्यांनी हळूच सुस्कारा सोडला. बुवांच्या बायकोनं यंत्र लावलं आणि चारही आकडे वाचले. चारही सारखे. व्याह्यांनी मागचं दार उघडून फळीवर पाणसळ ठेवली. बुडबुडा मधे येऊन असा स्थिर बसला, जसा काही तिथेच जन्मला होता.

दोघं म्हातारे त्या बुडबुड्याकडे बघून जे काही हसले, ते बघून लेकीनं मोबाईलवर फोटो काढला.

पाच मजल्यांचा केक सहा हातांनी आत गेला. जागा उरली तेवढ्यात दोन्ही व्याही केकच्या दोन बाजूंना उकिडवे बसले. विहीणबाई गाडी चालवायला. शेजारी बुवांची बायको, मांडीवर यंत्र.

घाट लागला तशी बायकोनं आकडे म्हणायला सुरुवात केली. सकाळचीच चाल. पहिल्या वळणाला विहीणबाईंनी तिच्याकडे बघितलं, दुसऱ्या वळणाला त्याही म्हणायला लागल्या. तिसरं वळण, होडी बुडालेलं ते वळण, तिथे मात्र सगळे गप्प झाले. खड्डा आला. गाडी खाली गेली, वर आली, पिशव्या श्वास घेतल्यासारख्या भरल्या.

"दिवा?" मागून बुवांनी विचारलं.

"काळाकुट्ट," विहीणबाई म्हणाल्या. "लागलेला नाही."

"देवा, तुझे उपकार," बुवा म्हणाले, आणि सगळ्यांनी एकदम मोठा श्वास सोडला.

"अहो, तुमच्या बाजूनं जरा कललाय का?" थोड्या वेळानं व्याह्यांनी विचारलं.

"रस्ता कललाय. केक रस्त्याबरोबर आहे. हात लावू नका!"

पण सवय ती सवय. व्याह्यांचा अंगठा तोवर तिसऱ्या मजल्याला टेकला होता.

चारला दहा कमी असताना शाळेच्या दारात गाडी उभी राहिली. हेडबाई पुढे आल्या, मागे मुलांचा घोळका, आणि केक बाहेर निघाला तेव्हा सगळ्यांच्या तोंडून एकाच वेळी आवाज आला. पाचही मजले एकमेकांवर ओळंब्यात. तिसऱ्या मजल्याच्या बाजूला एक अंगठ्याचा ठसा होता, त्यावर विहीणबाईंनी पिशवीतलं साखरेचं पान चिकटवलं आणि नवऱ्याकडे असं बघितलं, की त्यांनी आपण होऊन हात मागे बांधले.

केक आत गेला. बुवा गाडीपाशी थांबले होते, दाराच्या कडेला हात ठेवून. दोनची वेळ पाळली होती, गाडी वरपर्यंत आली होती, तरी शोरूमचं काही ठरलं की नाही हे कुणी बोललं नव्हतं, आणि विचारायची त्यांची छाती होत नव्हती.

विहीणबाई हात पुसत बाहेर आल्या. मागचं दार त्यांनी लावलं. मग पुन्हा उघडलं. पुन्हा लावलं. कान देऊन ऐकलं.

"व्याही," त्या म्हणाल्या, "हे दार करकरतंय हो. ऐका. आणि चढावर गिअरही जरा जड वाटतो. मंगळवारी आणू तुमच्याकडे? का गर्दी असते मंगळवारी?"

"आणा की," बुवा म्हणाले. "मंगळवारी कसली गर्दी!"

मंगळवारी गॅरेजात तीन गाड्या आधीच ठरलेल्या होत्या. बायकोला ते पाठ होतं. तिनं यंत्र पिशवीत घातलं, चष्मा काढला आणि आयुष्यात पहिल्यांदाच नवऱ्याला आठवण करून दिली नाही.